शर्ली: नावाचा अर्थ आणि इतिहास (आडनाव पाळण्यात कसं आलं?)

नावनिशी
बाळाची नावं सुचवणाऱ्या कुठल्याही संकेतस्थळावर 'शर्ली' शोधलंत तर 'तेजस्वी कुरण' हा अर्थ आणि पुढे 'मुलगी' एवढंच हाती लागतं. अर्थ अर्धवट आहे, आणि 'मुलगी' हे तर जेमतेम शे-सव्वाशे वर्षांपुरतं खरं आहे. म्हणून हा धागा.

मुळात शर्ली हे गावाचं नाव. इंग्लंडमध्ये या नावाची निदान चार ठिकाणं आहेत: डार्बीशरमध्ये ॲशबोर्नजवळचं खेडं, साउथॅम्प्टनचा एक भाग, लंडनच्या दक्षिणेला क्रॉयडनचा एक भाग आणि बर्मिंगहॅमजवळ सॉलिहलमधलं शर्ली. गावावरून आडनाव झालं, आडनावावरून मुलग्यांचं नाव, आणि तिथून ते मुलींकडे गेलं.

आता अर्थ. जुन्या इंग्रजीतले दोन तुकडे आहेत, 'शीर' आणि 'लेआह'. 'शीर'चे दोन अर्थ होतात. एक 'उजळ, स्वच्छ'. दुसरा 'परगणा', म्हणजे आजच्या यॉर्कशर, हॅम्पशरमधला 'शर'. त्यामुळे शर्ली म्हणजे 'उजळ मोकळी जागा' किंवा 'परगण्याच्या मालकीचं रान, जिथे परगण्याची सभा भरे ती जागा'. चारही गावांना एकच अर्थ लागेल असं धरून चालू नका. डोर्सेटमधल्या शेर्बोर्नमध्ये हाच 'शीर' ओढ्याला लागलाय, तिथे 'स्वच्छ पाण्याचा ओढा' हा अर्थ सरळ बसतो. उलट शेरवुडच्या जंगलात तोच शब्द 'परगण्याचं रान' या अर्थाने आहे. शर्ली या दोघांच्या मधे लटकते.

'लेआह'चं भाषांतर 'कुरण' करणं ही सरसकट होणारी चूक. जुन्या काळात त्याचा अर्थ रान, किंवा रानात झाडं तोडून मोकळी केलेली जागा. गवताळ कुरण हा अर्थ बराच नंतरचा. ज्या गावांच्या नावात 'ली' येतं ती बहुधा जुन्या जंगलाच्या पट्ट्यात असतात, हे नकाशावर बघितलं तरी कळतं.

---

जुनी लिपी
उत्तम धागा. एक भर. १०८६ च्या डोम्सडे बुकात (इंग्लंडच्या जमिनींची राजाने करवलेली नोंदवही) डार्बीशरच्या शर्लीची नोंद 'सिरेलेइ' अशी आहे. 'श' गेला कुठे? कुठेच नाही. नोंद करणारे कारकून नॉर्मन वळणाचे आणि लिहिणं लॅटिनमध्ये. इंग्रजी 'श'साठी त्यांच्या लिपीत ठरलेलं अक्षर नव्हतं, म्हणून ते 'स' लिहून मोकळे होत. तेव्हा डोम्सडेमध्ये 'स'ने सुरू होणारं नाव दिसलं की ते पूर्वी 'स'नेच उच्चारत असा निष्कर्ष काढू नये.

दुसरं, 'लेआह'ची नातलग मंडळी आपल्या ओळखीची आहेत. लॅटिनमधला 'लूकुस' म्हणजे देवराई, लिथुआनियन 'लाउकास' म्हणजे शेत, मोकळं रान, आणि संस्कृत 'लोक', ज्याचा वेदातला एक अर्थ 'मोकळी जागा, अवकाश' हाच आहे. चौघांचं मूळ एक. हे वाचून कुणी 'शर्ली म्हणजे श्रीलोक' वगैरे व्हॉट्सॅपवर टाकू नये, एवढीच विनंती. सगळे एका जुन्या भाषेचे वंशज आहेत, एकमेकांची लेकरं नव्हेत.

---

कागदोपत्री
गावावरून आडनाव हे आपल्याला नवीन नाही, 'कर' लावला की झालं. पण कुणी पोराचं पाळण्यातलं नाव 'सातारकर' ठेवत नाही. इंग्लंडात तसं का झालं, ते मात्र बघण्यासारखं आहे.

कारण आईचं माहेर. जमीनदार घरात आई मोठ्या घराण्यातली असेल, किंवा तिच्या माहेरी वारस मुलगा नसेल, तर माहेरचं आडनाव बुडू नये म्हणून ते नातवाला पहिलं नाव म्हणून देत. सोळाव्या शतकापासून हे ठळक दिसतं. नऊ दिवसांची राणी म्हणून ओळखली जाणारी लेडी जेन ग्रे, तिच्या नवऱ्याचं नाव गिल्डफर्ड डडली. त्याची आई जेन गिल्डफर्ड. संपलं कोडं. दोघा नवरा-बायकोचा १५५४ मध्ये शिरच्छेद झाला. विल्यम कॅम्डेन या इतिहासकाराने १६०५ साली छापलेल्या पुस्तकात या चालीची दखल घेतली आहे, आणि आडनाव बाप्तिस्म्याला देण्याची ही पद्धत इंग्लंडबाहेर नाही असं नोंदवलं आहे. कधी धर्मपित्याचं आडनावही असंच दिलं जाई.

खुद्द शर्ली घराण्यात याचं झकास उदाहरण आहे. वॉरिकशरमधल्या एटिंग्टनचं हे घराणं. त्यांचा मूळपुरुष सेवॉलिस डोम्सडेच्या काळातला, आणि पुढच्या पिढ्यांनी डार्बीशरमधल्या शर्ली गावावरून आडनाव लावलं. या घराण्यातला रॉबर्ट शर्ली हा पहिला अर्ल फेरर्स (अर्ल हे उमरावपद). त्याची बायको एलिझाबेथ वॉशिंग्टन. त्यांच्या एका मुलाचं नाव ठेवलं वॉशिंग्टन शर्ली! तो पुढे दुसरा अर्ल झाला आणि १७२९ मध्ये वारला. अमेरिकेतला जॉर्ज वॉशिंग्टन जन्मला १७३२ मध्ये. म्हणजे 'वॉशिंग्टन' हे पहिलं नाव सेनापतीच्या प्रेमाखातर सुरू झालं हा समज निदान इथे टिकत नाही. ते आजोळचं होतं.

---

अडगुलं
हेच ते घराणं ना, ज्यातल्या एका अर्लला फाशी झाली?

---

कागदोपत्री
हो. लॉरेन्स शर्ली, चौथा अर्ल. आपल्या कारभाऱ्याला गोळी घालून मारलं म्हणून ५ मे १७६० रोजी टायबर्नला फासावर चढला. इंग्लंडात फाशी गेलेला शेवटचा उमराव. पण नावाला त्याचा काही बट्टा लागलेला दिसत नाही.

इराणच्या शाह अब्बासच्या दरबारात गेलेले अँथनी आणि रॉबर्ट शर्ली हे भाऊ ससेक्समधल्या विस्टनचे. त्यांच्या आडनावाचं स्पेलिंग जुन्या कागदांत बहुतेक 'आय'ऐवजी 'ई'ने येतं, 'शेर्ली' असं. शोधताना दोन्ही घाला.

---

चष्मेबद्दूर
मुलाचं मुलीकडे कसं गेलं ते कुणी लिहिलं नाही अजून, म्हणून लिहिते.

शार्लट ब्राँटेने 'करर बेल' या टोपणनावाने ऑक्टोबर १८४९ मध्ये 'शर्ली' ही कादंबरी छापली. काळ १८११-१२, जागा यॉर्कशर, कापड गिरण्यांतली यंत्रं फोडणाऱ्या मजुरांचे दिवस. नायिका शर्ली कीलदार. आईबापांना मुलगा हवा होता. लग्नानंतर आठ वर्षांनी झाली मुलगी, तेव्हा मुलाला दिलं असतं तेच घराण्यातलं पुरुषी नाव तिला दिलं, असं लेखिकेने स्पष्ट लिहून ठेवलंय. हे स्पष्टीकरण द्यावं लागलं, यातच सगळं आलं. १८४९ च्या वाचकाला मुलीचं नाव शर्ली म्हणजे खटकणारी गोष्ट होती.

आणि ती गंमत कादंबरीभर चालू राहते. ही बाई जमिनीची मालकीण आहे, स्वतःला 'कॅप्टन कीलदार' म्हणवते, आपल्या नावापुढे 'एस्क्वायर' ही पुरुषांची पदवी लावायला हवी असं म्हणते. पुरुषी नाव हा तिच्या पात्राचाच भाग आहे. आज कादंबरी वाचताना हे निसटतं, कारण आपल्या कानाला शर्ली बायकीच वाटतं. शिवाय नायिका येते पुस्तकाचा बराच भाग उलटल्यावर. तोवर वाचक 'शर्ली कोण?' म्हणून शोधत बसतो.

त्याच काळात पुरुष शर्ली होतेच. 'पंच' या प्रसिद्ध विनोदी साप्ताहिकाचा १८७० ते १८७४ संपादक होता शर्ली ब्रुक्स, बाप्या माणूस.

---

फिरंगाण
एवढं कशाला, हॉलिवूडची बालतारका शर्ली टेंपल हिच्यामुळे नाव पसरलं हे सगळ्यांना माहीत आहे. अभिनेत्री शर्ली मॅक्लेनचं नावही तिच्यावरूनच ठेवलं.

---

नावनिशी
@फिरंगाण, अर्धं बरोबर. टेंपलने नावाला शिखरावर नेलं, चालू केलं नाही. तिचा जन्म एप्रिल १९२८ चा. लेखिका शर्ली जॅक्सन १९१६ ची. अमेरिकी काँग्रेसवर निवडून आलेली पहिली कृष्णवर्णीय स्त्री शर्ली चिझम १९२४ ची. म्हणजे नाव आधीच चढणीला लागलेलं होतं, आणि टेंपलच्या आईबापांनी त्या वेळचं चालू नाव ठेवलं इतकंच.

मॅक्लेनबद्दल जपून. तिचा जन्म २४ एप्रिल १९३४. टेंपल तोवर छोट्या चित्रपटांत झळकली होती, पण ज्याने ती घराघरात पोचली तो 'ब्राइट आइज' आला डिसेंबर १९३४ मध्ये. मॅक्लेनचं नाव टेंपलवरून असेलही, पण त्या तारखेला टेंपल अजून जगप्रसिद्ध झालेली नव्हती. 'अमक्यावरून तमक्याचं नाव' हे विधान दिसलं की दोन्ही तारखा शेजारी ठेवून बघायच्या. निम्मी विधानं तिथेच गळतात.

---

आकडेमोड
शिखराचे आकडे मी देतो, आणि ते वाचताना कुठे ठेच लागते तेही.

अमेरिकेच्या सोशल सिक्युरिटी (सरकारी निवृत्तिवेतन) खात्याच्या यादीत १९३५ आणि १९३६ अशी दोन्ही वर्षं मुलींमध्ये शर्ली दुसऱ्या क्रमांकावर आहे, मेरीच्या खालोखाल. १९३५ मध्ये बेचाळीस हजारांहून जास्त मुली. ही माहिती फुकट उतरवून घेता येते. दर वर्षाची एक साधी टेक्स्ट फाइल, प्रत्येक ओळीत नाव, मग 'एम' (मुलगा) किंवा 'एफ' (मुलगी), मग संख्या. १८८० पासूनची आहे. एक्सेलमध्ये घाला आणि गाळा.

आता खड्डे.

सोशल सिक्युरिटीचा कायदाच १९३५ चा. त्याआधी जन्मलेल्यांनी पुढे कधीतरी या खात्याचं कार्ड काढलं असेल तरच ते यादीत आहेत. १९३७ पूर्वी जन्मलेल्या पुष्कळ लोकांनी कार्ड काढलंच नाही. त्यामुळे १८९० चे आकडे तुटपुंजे आहेत, आणि १८९० ची संख्या १९३५ च्या संख्येशी ताडून 'इतक्या पटींनी वाढ' म्हणणं चुकीचं. टक्केवारी काढा किंवा क्रमांक बघा.

वर्षाला पाचपेक्षा कमी नोंदी असतील तर ते नाव फाइलमध्ये येतच नाही. यादीत नाही म्हणजे कुणी ठेवलं नाही, असं नसतं.

प्रत्येक स्पेलिंग वेगळं नाव म्हणून मोजतात. शेवटी 'ईवाय'च्या जागी दुहेरी ई किंवा आयई असलेल्या शर्ल्या वेगळ्या ओळीत सापडतील. बेरीज हाताने करावी लागते.

चौथा खड्डा मला सगळ्यात आवडतो. शिखराच्या काळात 'एम'च्या रकान्यातही शर्ली भरपूर दिसते. लगेच 'बघा, मुलांनाही हे नाव देत होते' म्हणू नका. त्याच फाइलमध्ये 'एम' रकान्यात मेरी बघा. तीही सापडेल! कार्ड भरताना लिंगाचा रकाना चुकला की अशा नोंदी होतात, आणि नाव जितकं लोकप्रिय तितक्या चुकाही जास्त. म्हणून आधी मेरीचं 'एम' आणि 'एफ'मधलं प्रमाण काढा, मग शर्लीचं. शर्लीचं प्रमाण मेरीच्या प्रमाणापेक्षा बरंच वर असेल तरच खरे पुरुष शर्ली मोजताय असं धरा.

खरे पुरुष होतेच म्हणा. वॉशिंग्टन पोस्टचा क्रीडापत्रकार शर्ली पोविच, जन्म १९०५, याचं नाव १९५८ साली 'अमेरिकेतल्या नामवंत स्त्रिया' धाटणीच्या कोशात छापून आलं होतं. आणि इंग्लंडचा कुस्तीगीर 'बिग डॅडी', खरं नाव शर्ली क्रॅबट्री, जन्म १९३० हॅलिफॅक्सचा. त्याच्या बापाचंही नाव शर्लीच. यॉर्कशरमध्ये हे पुरुषी नाव इतक्या उशिरापर्यंत टिकलं होतं.

---

कागदोपत्री
इंग्लंडच्या नोंदींसाठी वेगळी रीत लागते, थोडक्यात सांगतो.

सरकारी जन्मनोंदणी १ जुलै १८३७ पासून. त्याआधीचं सगळं चर्चच्या रजिस्टरमध्ये. फ्रीबीएमडी या जन्म-लग्न-मृत्यूंच्या संकेतस्थळावरची सूची फुकट आहे, पण तीत मूल मुलगा की मुलगी हे नसतं, आणि सप्टेंबर १९११ च्या तिमाहीपर्यंत आईचं माहेरचं आडनावही नसतं. आपल्याला तर नेमकं तेच हवंय. म्हणून सरकारी नोंदणी कार्यालयाची स्वतःची ऑनलाइन सूची वापरा. खातं उघडायचं, पैसे लागत नाहीत. तीत आईचं माहेरचं आडनाव १८३७ पासून दिलेलं आहे. पण शोधताना मुलगा किंवा मुलगी निवडल्याशिवाय पुढे जाता येत नाही. १८५० च्या आसपासची शर्ली शोधणारे सवयीने 'मुलगी' निवडतात आणि काही नाही म्हणून परत येतात. दोन्ही निवडून दोनदा शोधा, वर्षाला मागेपुढे दोन वर्षांची सूट द्या.

नाव सापडलं की आईचं माहेर बघा. ते शर्ली असेल तर प्रश्न मिटला. नसेल तर आजीचं माहेर, मग बाप्तिस्म्याच्या नोंदीत धर्मपिता. जनगणनेच्या कागदात लिंगाचा रकाना असतो, तिथे खात्री करून घ्या. अधलंमधलं नाव म्हणून शर्ली आलं असेल, जसं 'जॉन शर्ली अमुक', तर ते जवळजवळ नेहमी आईकडचं आडनाव असतं.

---

बागवान
अवांतर, पण सांगायलाच हवं. बियाणांच्या पाकिटावर 'शर्ली पॉपी' दिसतं ते कुठल्या बाईच्या नावावरून नाही. क्रॉयडनजवळच्या शर्ली गावातले पाद्री विल्यम विल्क्स यांनी १८८० साली बागेच्या रानटी कोपऱ्यात शेतातल्या साध्या लाल खसखशीचं एक फूल पाहिलं, पाकळ्यांना पांढरी बारीक कड असलेलं. तेवढ्याच फुलाला खूण करून त्याचं बी ठेवलं. पुढच्या वर्षी सुमारे दोनशे रोपांपैकी चार-पाचांनाच कड आली. दर वर्षी त्यातली निवडून बाकीची उपटत गेले. अखेर देठाजवळचा काळा डाग पूर्ण गेला, तळ पांढरा झाला, आणि पुंकेसर पिवळे-पांढरे झाले. आजही हीच परीक्षा: फुलात काळं दिसलं तर ती अस्सल शर्ली नव्हे.

ही अफूची खसखस नाही, जात वेगळी आहे. आपल्याकडे ऑक्टोबर-नोव्हेंबरात थेट वाफ्यात पेरा, कारण सोटमूळ असतं आणि रोप उपटून लावलं की दगावतं. बी अगदी बारीक, वाळूत मिसळून फेकायचं, माती ओढायची नाही. दाट झालं तर विरळणी करा.

---

वसईवाला
आता आपल्याकडचं. वसई, मुंबईचे ईस्ट इंडियन, गोवा, मंगळूर, सगळीकडे कॅथलिक घरांत शर्ली भरपूर, आणि सगळ्या बायकाच. नाव आपल्याकडे पोचलं तेव्हा ते बायकांचं होऊन चुकलं होतं. उलट लेस्ली, स्टॅनली, सिडनी ही नावं इथे पुरुषांकडेच राहिली. हॉकीचे लेस्ली क्लॉडियस आठवा.

कुळाचे कागद शोधणाऱ्यांसाठी एक अडचण. शर्ली नावाची संत नाही. १९१७ च्या चर्च कायद्यात, कलम ७६१, पाद्रीने मुलाला ख्रिस्ती नाव मिळेल हे पाहावं, आईबाप ऐकत नसतील तर संताचं नाव जोडून दोन्ही नावं रजिस्टरात लिहावीत असं होतं. म्हणून रजिस्टरात 'मेरी शर्ली', 'शर्ली ॲन' अशा जोड्या सापडतात, आणि शाळेच्या दाखल्यावर मात्र नुसतं शर्ली. नुसत्या शर्लीने शोधून मिळालं नाही की मेरी, मारिया, ॲना यांखाली बघा. १९८३ च्या नव्या कायद्यात, कलम ८५५, अट सैल झाली. ख्रिस्ती भावनेला परकं नाव नको, एवढंच उरलं.

आणि मराठी कागदांवर 'शर्ली', 'शिर्ली', 'शर्ले' असे तीन प्रकार दिसतात. उच्चाराला धरून 'शर्ली'च बरोबर. इंग्रजी स्पेलिंगमधला 'आय' बघून कारकून 'शि' लिहितात. एकदा दाखल्यावर 'शिर्ली' आलं की पुढचे सगळे कागद तेच गिरवत जातात, त्यामुळे पहिल्याच कागदावर दुरुस्ती करून घ्यावी.

---

अडगुलं
बेव्हर्लीपण असंच का? म्हणजे बीव्हरची मोकळी जागा?

---

जुनी लिपी
बीव्हर बरोबर, 'मोकळी जागा' नाही. यॉर्कशरच्या बेव्हर्लीतला शेवटचा तुकडा 'लेआह' नसून ओढ्याच्या अर्थाचा वेगळा शब्द धरतात. शेवट 'ली' दिसला म्हणून सगळ्यांना एका माळेत ओवू नका. स्टॅनली मात्र खरोखर 'दगडाळ मोकळी जागा' आहे. सिडनीत 'ली'च नाही, तिथे 'रुंद' आणि 'बेट किंवा पाणथळ जमीन' हे तुकडे आहेत. सेंट डेनिसवरून सिडनी झालं ही मागाहून रचलेली गोष्ट. पारशी मंडळींचं लाडकं पर्सी तर नॉर्मंडीतल्या गावावरून आलंय.

---

फिरंगाण
शेवटचं विचारतो. आडनाव शर्ली असलेले सगळे त्या अर्लचे भाऊबंद का? ऑनलाइन दुकानात 'शर्ली घराण्याचं मानचिन्ह' फ्रेम करून विकतात.

---

नावनिशी
नाही. गावं चार, आणि गाव सोडून गेलेला कुणीही माणूस दुसरीकडे 'शर्लीचा' म्हणून ओळखला जाई, त्यामुळे आडनाव अनेकदा स्वतंत्रपणे लागलंय. नाटककार जेम्स शर्ली किंवा मॅसॅच्युसेट्सचा गव्हर्नर विल्यम शर्ली यांना थेट एटिंग्टनच्या झाडाला टांगण्याआधी मधल्या प्रत्येक पिढीचा कागद हवा.

मानचिन्हाचं म्हणाल तर इंग्लंडात ते आडनावाला मिळत नाही. ते एका व्यक्तीला मिळतं आणि तिच्या वंशजांकडे जातं. तुमचा पूर्वज तो माणूस आहे हे मानचिन्हांची नोंद ठेवणाऱ्या लंडनच्या कॉलेज ऑफ आर्म्सकडे सिद्ध झालं तर वापरा. दुकानातली फ्रेम भिंतीला शोभेल, पुरावा म्हणून चालणार नाही.